स्मशानात रंगलेला पहिला खेळ : दादासाहेब फाळके आणि त्यांचे मृत्यूपट

भारतीय चित्रपटाच्या जन्माची कथा आपण बहुधा एखाद्या सणासारखी सांगतो. ३ मे १९१३ रोजी मुंबईच्या गिरगावातील कोरोनेशन सिनेमॅटोग्राफमध्ये धुंडिराज गोविंद फाळके यांचा 'राजा हरिश्चंद्र' प्रेक्षकांसमोर आला आणि या देशात एका नव्या कलेचा व नव्या धंद्याचा पाया घातला गेला, एवढे सर्वांना ठाऊक असते. त्या पहिल्या चित्रपटाने प्रेक्षकांना नेले कोठे, याचा विचार मात्र सहसा होत नाही. हरिश्चंद्राच्या कथेचा कळस स्मशानात आहे. राज्य गमावलेला राजा डोंबाघरी चाकरीला राहतो, मसणवट्याची राखण करतो आणि एका रात्री त्याचीच राणी त्याच्याच मुलाचे प्रेत घेऊन तेथे येते, तेव्हा तिच्याकडेही तो दहनाचा कर मागतो. या प्रसंगात जेवढी करुणा आहे, तेवढाच एक विदारक विनोदही आहे.

फाळके यांचा त्यानंतरचा चित्रपट 'मोहिनी भस्मासुर'. ज्याच्या डोक्यावर हात ठेवावा त्याचे भस्म व्हावे, असा वर मिळवलेला असुर मोहिनीबरोबर नाचता नाचता स्वतःच्याच मस्तकावर हात ठेवून जळून जातो. तिसरा चित्रपट १९१४ चा 'सत्यवान सावित्री'. त्यात तर साक्षात यमालाच शब्दांत पकडून हरवले जाते. म्हणजे या देशाच्या चित्रपटाचे जनक मानल्या जाणाऱ्या माणसाने काढलेल्या पहिल्या तिन्ही मोठ्या चित्रपटांचा विषय मृत्यू आणि मृत्यूला दिलेली हुलकावणी हाच होता. त्यांचा अखेरचा चित्रपट 'गंगावतरण'. त्याच्या मुळाशी सगराच्या साठ हजार पुत्रांची राख आहे. हा पौराणिक कथांच्या निवडीतील योगायोग म्हणून सोडून देता येईल. पण फाळके यांचे आयुष्य क्रमाने पाहिले, तर मृत्यू त्यांच्या कॅमेऱ्याच्या आसपास प्रथमपासूनच वावरत होता असे दिसते.

युरोपातील मूकपटांनी मृत्यूला पडद्यावरचे पात्र म्हणून खऱ्या अर्थाने वागवले ते पहिल्या महायुद्धानंतर. १९२१ मध्ये स्वीडनच्या व्हिक्टर स्यॉस्त्रॉम यांनी मृतांचे आत्मे गोळा करीत फिरणाऱ्या घोडागाडीचा चित्रपट काढला. त्याच वर्षी जर्मनीत फ्रिट्झ लांग यांनी आपल्या कामाला कंटाळलेला, थकलेला मृत्यू पडद्यावर आणला. १९२४ मध्ये पॅरिसला रने क्लेर यांच्या 'आँत्राक्त' या छोट्या चित्रपटात एका अंत्ययात्रेची शववाहिका चक्क उंट ओढत असतो. पुढे ती गाडी सुटून धावू लागते आणि काळ्या पोशाखातील प्रतिष्ठित मंडळी तिच्या मागे धापा टाकत पळतात. शेवटी शवपेटीतून मृत मनुष्य जादूगार होऊन उठतो, कांडी फिरवून एकेकाला नाहीसे करतो आणि सरतेशेवटी स्वतःलाही अदृश्य करतो. जगभरच्या अभ्यासकांनी या चित्रपटावर पुष्कळ लिहिले आहे. कॅमेऱ्याच्या साहाय्याने मृत्यूची हातचलाखी करणारा एक खराखुरा जादूगार मात्र त्याआधी दहा-अकरा वर्षे दादरच्या एका बंगल्यात काम करीत होता.

धुंडिराज फाळके यांचा जन्म ३० एप्रिल १८७० रोजी नाशिकजवळच्या त्र्यंबकेश्वरी झाला. वडील दाजीशास्त्री संस्कृतचे विद्वान. घरात पुराणे, श्लोक आणि पूजाविधी यांचे वातावरण होते. वडिलांना मुंबईच्या विल्सन महाविद्यालयात अध्यापनाचे काम मिळाले, कुटुंब मुंबईस आले आणि १८८५ मध्ये धुंडिराज जे. जे. कलाशाळेत दाखल झाले. पुढे बडोद्याच्या कलाभवनात त्यांनी चित्रकला, छायाचित्रण, छपाईचे तंत्र असे जे जे शिकता येईल ते शिकून घेतले. भिक्षुकीची परंपरा असलेल्या घरातील मुलाने रसायने, काचा आणि यंत्रे यांत रमावे, हे त्या काळी विलक्षणच होते.

छायाचित्रकार म्हणून त्यांनी गुजरातेत गोध्रा येथे व्यवसाय मांडला. तेथेच आयुष्यातील पहिला मोठा आघात त्यांच्यावर झाला. १९०० च्या प्लेगच्या साथीत त्यांची पहिली पत्नी आणि मूल दोघेही गेली. त्या वर्षांत प्लेगने पश्चिम भारतात गावेच्या गावे ओस पाडली होती. लोक घरे सोडून माळावर झोपड्या बांधून राहत आणि अंत्यसंस्काराला खांदेकरी मिळणे कठीण होई. तिशीच्या उंबरठ्यावरचा हा तरुण एकटाच बडोद्यास परतला.

बडोद्यात त्याने पुन्हा छायाचित्रणाचे दुकान थाटले, पण ते चालेना. कॅमेरा माणसाच्या शरीरातील शक्ती शोषून घेतो, छायाचित्र काढले की आयुष्य घटते, असा समज तेव्हा जनमानसात पक्का होता. राजघराण्यातील एका व्यक्तीनेही याच भीतीपोटी कॅमेऱ्यासमोर बसण्यास प्रथम नकार दिला आणि फाळके यांना तिची समजूत घालावी लागली, असे चरित्रकार सांगतात. ज्याचे घर नुकतेच मृत्यूने रिकामे केले होते, त्याच्याच यंत्राला लोक मृत्यूचे हत्यार समजत होते. हा नियतीचा विनोद फाळके यांना कळला नसेल असे वाटत नाही. याच काळात ते जादूचे प्रयोगही शिकले. पुढे आपल्या आडनावाची अक्षरे उलटी करून प्रोफेसर केळफा या नावाने ते लोकांसमोर जादू करीत. वस्तू नाहीशी करणे आणि ती पुन्हा आणून दाखवणे, हा जादूगाराचा मूळ धंदा. चित्रपटात त्यांना नेमके हेच करायचे होते.

१९०२ मध्ये त्यांनी दुसरा विवाह केला. गिरिजा करंदीकर या मुलीचे नाव सासरी सरस्वती झाले. १९०३ मध्ये पुरातत्त्व खात्यात नोकरी मिळाली, पण वंगभंगानंतरच्या स्वदेशीच्या वातावरणात सरकारी नोकरी त्यांना रुचेना. ती सोडून त्यांनी लोणावळ्यास आणि नंतर दादरला छापखाना चालवला. राजा रविवर्मा यांच्या चित्रांच्या छपाईशीही त्यांचा संबंध आला. रविवर्म्यांनी देवांना मानवी चेहरे दिले होते आणि छापखान्याने ते चेहरे घरोघरीच्या भिंतींवर पोहोचवले होते. गोमंतकातही अनेक जुन्या घरांतील देवघरांत ही रंगीत चित्रे असत. छपाईच्या अधिक अभ्यासासाठी फाळके १९०९ मध्ये जर्मनीस जाऊन आले. परतल्यावर भागीदारांशी मतभेद झाले आणि भरभराटीस आलेला छापखाना सोडून ते रिकाम्या हाताने बाहेर पडले. वय चाळीस, पदरी मुले आणि उत्पन्न काहीच नाही, अशी तेव्हाची स्थिती होती.

त्याच सुमारास मुंबईतील अमेरिका इंडिया पिक्चर पॅलेसमध्ये त्यांनी येशू ख्रिस्ताच्या जीवनावरील चित्रपट पाहिला. हा प्रसंग त्यांनी पुढे 'नवयुग' मासिकातील लेखांत स्वतः सांगितला आहे. पडद्यावर ख्रिस्त चालत असताना आपल्या डोळ्यांपुढे राम, कृष्ण, गोकुळ, अयोध्या उभी राहत होती, असा त्या कथनाचा आशय आहे. स्वदेशी चित्रपटाच्या कल्पनेचा उगम म्हणून ही गोष्ट सर्वत्र सांगितली जाते. गोव्यात गुड फ्रायडेची मिरवणूक आणि त्यानंतरचा ईस्टरचा आनंद शेजारधर्माने पाहत वाढलेल्या वाचकाला त्यातील आणखी एक गोष्ट सहज जाणवेल. ख्रिस्ताची कथा ही देह क्रुसावर जाण्याची आणि थडगे रिकामे सापडण्याची कथा आहे. प्लेगमध्ये पत्नी आणि मूल गमावलेल्या माणसाने त्या अंधाऱ्या तंबूत जे पाहिले, ते मरून परत येणे होते. त्याने नंतर निवडलेल्या कथांत मेलेला रोहिदास उठतो, मेलेला सत्यवान उठतो.

त्यानंतरच्या काही महिन्यांत फाळके यांनी मिळेल तो चित्रपट पाहिला. घरी आणलेल्या लहान यंत्रावर रात्ररात्र फिल्म पाहणे, झोप नाही, विश्रांती नाही. परिणामी त्यांची दृष्टी गेली. उपचारांनी ती परत आली, पण काही काळ ते जवळजवळ अंध होते. बरे होताच ते पुन्हा त्याच कामाला लागले. इंग्लंडला जाऊन तंत्र शिकायचे आणि यंत्रे आणायची तर पैसा हवा. तो त्यांनी आयुर्विम्याच्या पॉलिसी गहाण ठेवून उभा केला. आपल्या मरणानंतर बायकामुलांना मिळायचा पैसा या माणसाने जिवंतपणी चित्रपटासाठी वापरला, असाच त्याचा अर्थ होतो. नातेवाईक आणि मित्र त्यांना वेड लागले आहे असे म्हणत. घरातील वस्तू एकामागून एक विकल्या जात होत्या, तेव्हा त्या म्हणण्यात तथ्य नव्हते असेही म्हणता येत नाही.

१९१२ च्या फेब्रुवारीत ते लंडनला गेले. तेथे 'बायोस्कोप' या साप्ताहिकाचे संपादक कॅबोर्न यांनी त्यांना मदत केली आणि सेसिल हेपवर्थ यांच्या वॉल्टन येथील स्टुडिओत काम पाहण्याची सोय करून दिली. हेपवर्थ हे इंग्रजी चित्रपटाचे एक आद्य निर्माते होते. १९०० मध्ये त्यांनी एक अगदी छोटा चित्रपट काढला होता. त्यात रस्त्याने मजेत चाललेली मोटार एकाएकी स्फोट होऊन नाहीशी होते. पोलीस शिपाई आकाशाकडे पाहत राहतो, थोड्या वेळाने प्रवाशांचे हातपाय वरून पडू लागतात आणि तो शिपाई ते नीट वेगवेगळे लावून ठेवतो. कॅमेरा थांबवायचा, समोरची वस्तू बदलायची आणि पुन्हा कॅमेरा फिरवायचा, एवढीच त्यातली युक्ती होती. मृत्यूला खेळण्यासारखे वापरणाऱ्या या माणसाच्या कारखान्यात जादूगार फाळके यांनी धडे घेतले. विल्यमसन कंपनीचा कॅमेरा, फिल्मला भोके पाडण्याचे यंत्र आणि धुलाईची माहिती घेऊन ते एप्रिलच्या आरंभी मुंबईस परतले.

भांडवल देणाऱ्यांची खात्री पटवण्यासाठी त्यांनी प्रथम केलेली गोष्ट त्यांच्या स्वभावाची उत्तम साक्ष देते. कुंडीत वाटाण्याचा दाणा पेरून त्यांनी समोर कॅमेरा ठेवला आणि महिन्याहून अधिक काळ ठरावीक अंतराने एकेक चित्र घेतले. पडद्यावर ते सलग दाखवले तेव्हा मातीत गेलेला दाणा मिनिटभरात अंकुरून वेल होऊन वर चढताना लोकांनी पाहिला. कर्जाची सोय झाली. जमिनीत पुरलेले पुन्हा वर येते, हे कॅमेऱ्याने सिद्ध करून दाखवणारा हा भारतातील पहिलाच प्रयोग असावा.

दादरच्या बंगल्यात 'राजा हरिश्चंद्र'ची तयारी सुरू झाली. खरे तर त्याआधी १८ मे १९१२ रोजी कोरोनेशनमध्येच दादासाहेब तोरणे यांचा 'श्री पुंडलीक' दाखवला गेला होता. आपल्या शेजारच्या मालवण मुलखातून आलेल्या तोरण्यांना पहिलेपणाचा मान द्यावा, असे मानणारा वर्ग आजही आहे. पण 'पुंडलीक' हे रंगभूमीवरील नाटकाचे चित्रण होते, ते परदेशी कॅमेरामनने केले होते आणि त्याची धुलाई लंडनमध्ये झाली होती. फाळके यांचा सारा खटाटोप घरचा होता. पटकथा, नेपथ्य, रंगभूषा, चित्रण, धुलाई, जोडकाम हे सर्व त्यांनी स्वतः केले किंवा माणसे हाताशी धरून शिकवून करून घेतले.

नटांचा प्रश्न बिकट होता. चित्रपटात काम करणे इतके हलके मानले जाई की फाळके यांनी आपल्या माणसांना सांगून ठेवले होते, कोणी विचारलेच तर हरिश्चंद्राच्या फॅक्टरीत नोकरी करतो असे सांगा. परेश मोकाशी यांच्या २००९ मधील चित्रपटाचे नाव त्यावरूनच आले. तारामतीसाठी कोणतीही स्त्री मिळाली नाही. शेवटी ग्रँट रोडवरच्या एका उपाहारगृहात काम करणारे साळुंके हे तरुण त्यांनी हेरले आणि दहा रुपयांऐवजी पंधरा रुपये पगारावर त्यांना राणी केले. बाकीच्या स्त्रीभूमिका करणारे पुरुष मात्र मिशा काढायला तयार होईनात. वडील वारले तरच मिशी काढायची, अशी रीत. बाप जिवंत असताना मिशी उतरवणे म्हणजे त्याला जिवंतपणीच मारणे. फाळके यांना त्या नटांची आणि त्यांच्या वडिलांचीही समजूत घालावी लागली, असे सांगतात. आपल्याकडे जत्रेच्या नाटकांत आणि पेडण्याकडच्या दशावतारी काल्यांत पुरुषांनी स्त्रीपात्र रंगवण्याची परंपरा जुनी आहे, त्यामुळे साळुंक्यांची तारामती गोमंतकीयाला परकी वाटू नये. सनातनी वळणाच्या शहरात एका चित्रपटासाठी घरोघरी मिशीवरून सुतकाची चर्चा व्हावी, हा प्रसंग मात्र पुढच्या कोणत्याही विनोदी चित्रपटात शोभावा असा आहे.

रोहिदासाच्या भूमिकेचा प्रश्न त्याहून गंभीर होता. या मुलाला चित्रपटात मरायचे होते. आपल्या पोटच्या पोराला चितेवर ठेवू द्यायला कोणते आईवडील तयार होणार? अभिनय असला म्हणून काय झाले, अशुभ ते अशुभच. फाळके यांनी मग आपला मुलगा भालचंद्र याला उभे केले. ज्या माणसाचे एक मूल प्लेगने नेले होते, त्याने दुसऱ्याला स्वतःच्या हाताने सरणावर ठेवण्याचे चित्र घ्यायचे ठरवले.

बाह्यचित्रण मुंबईबाहेर वांगणीजवळ झाले. तलवारी, ढाली आणि भाले घेऊन हिंडणारी माणसे पाहून गावकऱ्यांना दरोडेखोरच आले असे वाटले. फौजदाराने मंडळींना अडवून ठेवले आणि फाळके यांनी येऊन रिकामा कॅमेरा फिरवत एक प्रसंग करून दाखवला, तेव्हा कोठे सुटका झाली. याच मुक्कामात भालचंद्र खेळता खेळता दगडावर पडला. डोक्यातून रक्त आले, शुद्ध हरपली. मंडळी घाबरली. मुलाला मुंबईस न्या, चित्रण पुढे ढकला, असे सर्वांचे म्हणणे पडले. फाळके यांनी जवळच्या औषधपेटीतून उपचार केले. मग, चरित्रकार सांगतात त्याप्रमाणे, पुढचा प्रसंग रोहिदासाच्या प्रेताचाच असल्याने बेशुद्ध मुलाला तसेच सरणावर ठेवून त्यांनी ते चित्रण उरकून घेतले.

ही गोष्ट कौतुकाने सांगण्याची पद्धत पडली आहे. कामावरची निष्ठा म्हणून तिचे दाखले दिले जातात. पण ती वाचताना अंगावर काटा येतो, हेही खरेच. कथेतला हरिश्चंद्र सत्यासाठी मुलाच्या प्रेतावर कर मागतो, आणि कॅमेऱ्यामागचा बाप चित्रासाठी बेशुद्ध मुलाला चितेवर ठेवतो. दोघांचेही व्रत एकाच जातीचे, आणि दोन्हींची किंमत मोजणारी माणसेही सारखीच, म्हणजे बायको आणि मूल. फाळके यांना निर्दय म्हणण्याचे धाडस होत नाही, कारण मुलगा पुढे बरा झाला आणि बापाने त्याच्यावर प्रेमच केले. पण या देशातील चित्रपटकलेच्या पहिल्याच पानावर एक न विचारलेला प्रश्न उमटलेला आहे, तो पुसता येत नाही. कलेसाठी दुसऱ्याच्या जिवाचा जोखीमपत्रावर अंगठा कोणी, कोणाच्या वतीने उमटवायचा? आजही चित्रीकरणाच्या जागी लहान मुले आणि साहसदृश्ये करणारे कलाकार असतात, तेव्हा हा प्रश्न तसाच उभा राहतो.

सरस्वतीबाईंच्या वाट्याला आलेले काम तर श्रेयनामावलीत कधी उमटलेच नाही. अंधाऱ्या खोलीत बसून फिल्मच्या पट्ट्यांना भोके पाडणे, रसायने कालवणे, उन्हाचा प्रकाश परतवण्यासाठी तासन्‌तास पांढरी चादर धरून उभे राहणे आणि एवढे करून सगळ्या मंडळींचा स्वयंपाक, हे सारे त्यांनी केले. त्यांचे दागिनेही या कामी गेले. हरिश्चंद्राच्या कथेत तारामतीला बाजारात विकले जाते. फाळके यांच्या घरच्या तारामतीने स्वतःच आपले सारे पुढे ठेवले, एवढाच फरक.

सुमारे सात महिन्यांच्या श्रमांनंतर ३७०० फुटांचा चित्रपट तयार झाला. २१ एप्रिल १९१३ रोजी ऑलिंपिया चित्रपटगृहात निमंत्रितांना तो दाखवण्यात आला आणि ३ मेपासून कोरोनेशनमध्ये सर्वांसाठी खुला झाला. त्या काळी केवळ चित्रपटावर प्रेक्षक समाधानी नसत. म्हणून त्याच खेळात एका गोऱ्या नर्तकीचे नृत्य, विनोदी प्रवेश आणि पायांवर वस्तू झेलणाऱ्या कसरतपटूचे खेळही ठेवलेले होते. हसून, टाळ्या पिटून झाल्यावर प्रेक्षक हरिश्चंद्राच्या स्मशानात जात होते. यज्ञातल्या ज्वाळांमधील स्त्रिया, एकाएकी प्रकट होणारा देव, या साऱ्या चमत्कारांमागे हेपवर्थकडे पाहिलेली आणि जादूच्या खेळात मुरलेली तीच हातचलाखी होती. लोकांनी मात्र तिला जादू मानले नाही, दर्शन मानले.

'मोहिनी भस्मासुर'मध्ये दुर्गाबाई कामत आणि त्यांची कन्या कमलाबाई या दोघी पडद्यावर आल्या आणि मिशांचा प्रश्न तेवढ्यापुरता मिटला. त्या चित्रपटाच्या जोडीला 'पिठाचे पंजे' ही छोटी विनोदी चित्रफीत दाखवली जाई. भस्म होणाऱ्या असुराच्या कथेशेजारी पिठाने माखलेल्या हातांची गंमत ठेवणे, ही मांडणी फाळके यांच्या वृत्तीला धरूनच होती. पुढे आगपेटीतील काड्यांना कॅमेऱ्यासमोर हालवून त्यांनी 'आगकाड्यांची मौज'ही केली. देवाधर्माचे चित्रपट करणारा हा गंभीर गृहस्थ मनाने खोडकर जादूगारच राहिला होता. १९१४ मध्ये तो आपले तीन चित्रपट घेऊन पुन्हा लंडनला गेला, वाखाणला गेला, तेथे काम करण्याचे निमंत्रणही त्याला मिळाले. ते नाकारून तो परतला आणि महायुद्धाने भांडवलाचे सारे झरे आटवून टाकले.

१९१७ च्या 'लंका दहन'ने ते दिवस पालटले. साळुंके यांनी त्यात राम आणि सीता या दोन्ही भूमिका केल्या. पडद्यावर राम येताच प्रेक्षक पादत्राणे काढून ठेवत. तिकिटांची नाणी बैलगाडीतून पोलीस बंदोबस्तात न्यावी लागली, अशी आठवण सांगितली जाते. १९१८ मध्ये भागीदारांसह नाशिकला हिंदुस्तान फिल्म कंपनी उभी राहिली. पण पैसा पुरवणाऱ्यांना हिशेब हवा होता आणि फाळके यांना मोकळीक हवी होती. दोहोंचे जमले नाही. विटून जाऊन ते कुटुंबासह काशीस निघून गेले. हरिश्चंद्राने ज्या नगरीत स्मशान राखले, त्याच नगरीत चित्रपटाचा हा हरिश्चंद्र येऊन राहिला, आणि 'रंगभूमि' नावाचे नाटक लिहू लागला.

तेथे त्यांच्या आयुष्यातला सर्वांत अजब विनोद घडला. 'संदेश' पत्राचे संपादक अच्युतराव कोल्हटकर यांनी त्यांना पत्र लिहून चित्रपटात परत येण्याची विनंती केली. फाळके यांनी उत्तरादाखल कळवले की चित्रपटधंद्याच्या दृष्टीने आपण मेलेलो आहोत. कोल्हटकर हे पत्रकारितेतील कसलेले नट. त्यांनी फाळके मेले अशा अर्थाच्या मथळ्याखाली ते पत्र छापूनच टाकले. वाचकांची पत्रे येऊ लागली, तीही छापली गेली. जिवंत माणसाच्या मृत्युवार्तेने जेवढी खळबळ उडवली, तेवढी कोणत्याही जाहिरातीने उडवली नसती. अखेर हा मृत मनुष्य उठून बसला, नाशिकला परतला आणि पुन्हा चित्रपट काढू लागला. पॅरिसच्या चित्रपटातील शवपेटीतून उठणारा जादूगार पडद्यावर यायला तेव्हा अजून अवकाश होता.

परतल्यावर काम होत राहिले, पण पूर्वीचे तेज परतले नाही. १९३१ मध्ये चित्रपट बोलू लागला आणि ज्या कलेवर फाळके यांची हुकमत होती, ती कलाच एका वर्षात म्हातारी झाली. 'सेतुबंधन' हा मूकपट त्यांनी नंतर आवाज चढवून दाखवला. कोल्हापूर सिनेटोनसाठी १९३७ मध्ये काढलेला 'गंगावतरण' हा त्यांचा एकमेव संपूर्ण बोलपट आणि शेवटचा चित्रपट. कपिलमुनींच्या कोपाने भस्म झालेल्या पूर्वजांना सद्गती मिळावी म्हणून भगीरथ गंगेला पृथ्वीवर आणतो, ही त्याची कथा. गोध्र्यात प्लेगने सुरू केलेली गोष्ट राखेवर पाणी शिंपून संपत होती. तेव्हा ते ६७ वर्षांचे होते.

१९३९ मध्ये भारतीय चित्रपटाचा रौप्यमहोत्सव झाला. व्ही. शांताराम यांच्या पुढाकाराने त्यांना एक थैली अर्पण करण्यात आली, तोपर्यंत नव्या पिढीतील कित्येकांना हे गृहस्थ हयात आहेत याचीच कल्पना नव्हती. दुसरे महायुद्ध सुरू झाल्यावर कच्च्या फिल्मवर नियंत्रण आले आणि चित्रपट काढण्यासाठी सरकारी परवाना आवश्यक झाला. सत्तरी ओलांडलेल्या फाळके यांनीही नव्या चित्रपटासाठी अर्ज केला. परवाना नाकारल्याचे पत्र १९४४ च्या फेब्रुवारीत आले. त्यानंतर दोनच दिवसांनी, १६ फेब्रुवारीस, नाशिक येथे त्यांचा अंत झाला. या वेळी वृत्तपत्रांनी छापलेली बातमी खरी होती.

१९६९ पासून त्यांच्या नावाने चित्रपटसृष्टीतील सर्वोच्च राष्ट्रीय पुरस्कार दिला जातो. २००४ पासून आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सव पणजीस स्थिरावला, त्यामुळे दर नोव्हेंबरात मांडवीकाठी फाळके यांचे नाव अनेकदा घेतले जाते. त्यांचे चित्रपट मात्र बहुतेक गेले. नायट्रेटची फिल्म पेट घेते, विरघळते, तिची भुकटी होते. सुमारे ९५ चित्रपटांपैकी हाताच्या बोटांवर मोजता येतील एवढ्यांचेच काही भाग उरले. 'हरिश्चंद्रा'ची जी रिळे पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयाने जपली, ती १९१३ ची आहेत की फाळके यांनी १९१७ मध्ये पुन्हा काढलेल्या आवृत्तीची, यावर अभ्यासकांत मतभेद आहेत.

१९१९ चा 'कालिया मर्दन' मात्र बराचसा शाबूत आहे. त्याच्या आरंभी फाळके यांची लहानगी मुलगी मंदाकिनी थेट कॅमेऱ्याकडे पाहत एकामागून एक भाव दाखवते, आणि पाहता पाहता तिची बाळकृष्णाची मूर्ती होते. मग ती डोहात उडी घेते. काठावरचे गोकुळ आता सारे संपले म्हणून आक्रोश करू लागते, तोवर ती नागाच्या फण्यावर नाचत वर येते. बापाने मुलाला चितेवर ठेवले त्याला सहा वर्षे झाली होती. शंभराहून अधिक वर्षांनंतर ही रिळे पाहणाऱ्याला ती मुलगी आजही तशीच, ओल्या अंगाने हसत वर येताना दिसते.